तळघराची उघडी खिडकी

चूक माझी होती, हे आधीच लिहून टाकतो. म्हणजे पुढं वाचणाऱ्यानं उगाच आशेवर राहायला नको. माझ्या बायकोच्या हाताला जो बट्टा लागला तो माझ्यामुळं लागला. ती गेली तेव्हाही तो तसाच होता. तो पुसायला मी तोंड उघडलं, पण फार उशिरा.

मी चौथीपर्यंत शिकलो. पुढं मार्केट यार्डात कांदा-बटाट्याच्या गाळ्यावर तीस-एक वर्षं पाठीवर पोती वाहिली. पाठ गेली तेव्हा काम सोडलं. तोवर वारज्यात बायकोच्या माहेरची जमीन बिल्डरकडं जाऊन तिथं बिल्डिंग उभी राहिली होती. तिचा भाऊ सरळ माणूस. बहिणीचा हिस्सा त्यानं दाबला नाही. दुसऱ्या मजल्यावर दोन खोल्या, खाली रस्त्याला लागून एक दुकान आणि दुकानाखाली तळघर, एवढं तिच्या नावावर आलं. त्या दुकानात मी कांदे-बटाटे विकायला बसलो.

म्हणजे राहतं घर तिचं, दुकान तिचं, वर तिसऱ्या मजल्यावर तिचा भाऊ आणि भावजय, आणि आजूबाजूला सगळी तिच्याच गावची माणसं. मला घरजावई असं तोंडावर कुणी म्हणालं नाही. मागं म्हणायचे. जिन्यात ऐकू यायचं. बिल्डरनं बाकी कामात हात आखडला असेल, पण जिना असा बांधलाय की आवाज छान घुमतो. तिलाही ते ऐकू यायचं. ती त्यावर कधी बोलली नाही. फक्त माहेरचं कुणी आलं की मुद्दाम मोठ्यानं म्हणायची, "थांबा, ह्यांना विचारते." ज्यात मला विचारण्यासारखं काही नसायचं त्यातही विचारायची. वाटाण्याची उसळ करू की मटकीची, हेसुद्धा.

तिचा हात वाळवणाचा. कुरडया, उडदाचे पापड, सांडगे, साबुदाण्याच्या चकल्या. पहिल्यांदा घरापुरतं करायची, मग तिची भावजय म्हणाली, करायचंच तर विकायला करू. भावजयीला मी वहिनी म्हणतो आणि त्या मला दाजी. वहिनींचा आवाज मोठा, हिशेब पक्का, सात बायका त्यांनी जमवल्या. चैत्र लागला की गच्चीवर यांचं राज्य. गहू तीन दिवस भिजवायचा, वाटायचा, चीक काढायचा, शिजवायचा आणि ऊन चढायच्या आत सोऱ्यानं प्लास्टिकवर कुरडया घालायच्या. घालणं काय, सातही जणींना येत होतं. पण वाळली की नाही हे सांगायचं काम एकट्या माझ्या बायकोचं होतं.

ती एक कुरडई उचलायची, कानापाशी नेऊन मोडायची. मोडल्याचा आवाज ऐकायची. मग म्हणायची, "अजून एक ऊन." किंवा म्हणायची, "झालं, उचला." त्यावर कुणी उलटं बोलायचं नाही. वहिनीसुद्धा नाही. डझनभर उन्हाळे तिचा शब्द चालला आणि एकदाही माल परत आला नाही. कोथरूडच्या बायका रिक्षा करून यायच्या. एक तर दरवर्षी विचारायची, "त्या कान लावणाऱ्या बाईंनीच बघितल्यात ना?"

माल वाढला तशी ठेवायची अडचण झाली. सुरुवातीला डबे वहिनींच्या घरात असायचे. पलंगाखाली डबे, माळ्यावर डबे, देवघराच्या शेजारी डबे. एक दिवस माझा मेहुणा म्हणाला, "मी कुठं झोपायचं तेवढं सांगा, का मलाबी डब्यात भरताय?" तेव्हा तळघराचा विषय निघाला.

आमचं तळघर म्हणजे दुकानातून अकरा पायऱ्या उतरून एक लांबट खोली. रस्त्याच्या बाजूला वर छताला लागून एक अरुंद खिडकी. त्या खिडकीतून माणसं दिसत नाहीत, माणसांच्या चपला दिसतात. उन्हाळ्यात तिथं गारवा असतो, पण पावसाळ्यात भिंतींना घाम फुटतो. रंगाचे पापुद्रे सुटतात. मी खाली ठेवलेलं बारदान आठ दिवसांत ओलसर होऊन वास मारायचं. बायको म्हणाली, "इथं कुरडई ठेवली तर आषाढात तिची लापशी होईल."

आमची मुलगी कंपनीत नोकरीला आहे, राहते पुण्याच्या दुसऱ्या टोकाला. तिनं आईसाठी मशीन आणलं. हवेतला ओलावा ओढून घ्यायचं मशीन. त्याचं इंग्रजी नाव मला अजून नीट म्हणता येत नाही, आम्ही त्याला पाण्याचं मशीन म्हणायचो. तेलाच्या डब्यापेक्षा थोडं उंच, खाली चाकं. ते खोलीतली दमट हवा आत ओढतं, तिच्यातलं पाणी वेगळं काढतं आणि कोरडी हवा बाहेर सोडतं. पाणी खालच्या टाकीत जमतं. टाकी भरली की लाल दिवा लागतो आणि मशीन आपोआप बंद पडतं. टाकी रिकामी करून परत बसवली की चालू.

मुलीनं जाताना बजावलं, "बाबा, विंडो टाइट बंद ठेवायची हं. रूम पॅक पाहिजे. नाहीतर मशीनचा काही यूज नाही."

मी हो म्हणालो. मी मुलीला सगळ्यालाच हो म्हणतो.

आता माझी अक्कल सांगतो. वखारीत कांदा कुजतो कशानं, तर कोंडलेल्या हवेनं. तीस वर्षं मी हेच ऐकलं आणि हेच बघितलं. गाळ्यावरचे शेठ ओरडायचे, हवा खेळती ठेवा. दोन थप्प्यांत वीतभर जागा सोडा, शटर वर करा, हवा खेळती ठेवा. माझ्या डोक्यात ते खिळ्यासारखं बसलेलं. दमट जागा बंद करून ठेवायची, हे मला पटेना. मुलगी शिकलेली आहे, पण तिनं पोतं कधी उचललंय? असा माझा विचार.

दुसरी गोष्ट त्याहून वाईट. मला त्या पाण्याची चटक लागली. सकाळी टाकी काढून बघायची, किती भरली. हवेतून पाणी, दिसत नाही तरी निघतंय! खिडकी बंद असली की पहिले दोन दिवस टाकी भरायची, मग हळूहळू कमी. मला वाटायचं मशीन आळसावलं. खिडकी उघडली की परत टाकी भराभर भरायची. मी खूश. यार्डात सगळं वजनावर चालतं. जास्त भरलं म्हणजे जास्त काम झालं, हा माझा हिशेब. टाकी दुकानात वर आणून मी गिऱ्हाइकांना दाखवायचो. एक पेन्शनर यायचे, त्यांनी चष्म्यावरून बघितलं आणि म्हणाले, "वा. महापालिकेला कळवा, आपल्या सोसायट्यांचे टँकर तरी बंद होतील." मी ते कौतुक समजलो.

टाकी रिकामी करायचं काम मात्र बायकोचं. त्यासाठी मी दुकान सोडून उतरत नसे. अकरा पायऱ्या खाली, अकरा वर, दिवसातून चार-पाच वेळा. गुडघ्यावर हात ठेवून चढायची.

एकदा म्हणाली, "अहो, ती खिडकी परत उघडली का तुम्ही?"

"हवा खेळती पाहिजे."

"हवेबरोबर पाऊसबी खेळतोय की आत."

"मशीन पाणी काढतंय का नाही?"

"काढतंय. पण ते आपल्या तळघरातलं हाय का रस्त्यावरचं, ते कोण सांगणार?"

"मग पाण्याला विचार, कुठलं गाव म्हणून. तुला काय कळतंय गं मशीनमधलं?"

ती खाली गेली आणि तिनं खिडकी लावली. ती स्वयंपाकाला वर गेल्यावर मी जाऊन उघडली. असं आमचं आषाढभर चाललं. ती लावायची, मी उघडायचो. भांडण म्हणाल तर झालं नाही. दुकान बंद करून आम्ही वर गेलो की दोन-तीन तासांत टाकी भरून मशीन बंद पडत असणार, आणि सकाळपर्यंत उघड्या खिडकीतून पाऊस बिनबोभाट आत. हे मला आज कळतंय. तेव्हा सकाळी भरलेली टाकी बघून मी टिचकी वाजवायचो.

त्या वर्षी माल डब्यांत मावण्यापेक्षा जास्त होता. मशीन आहे म्हणून कुरडया टोपल्यांत भरून, वर धुवट कापड टाकून रॅकवर ठेवल्या होत्या. खाली ओल्या बारदानाचा वास एरवीही असायचा, म्हणून वेगळं काही जाणवलं नाही. श्रावणात गौरी-गणपतीच्या मागण्या आल्या तशा सगळ्याजणी पिशव्या भरायला खाली उतरल्या. मी वरच्या पायरीवर उभा होतो.

वहिनींनी पहिल्या टोपलीवरचं कापड उचललं आणि हात मागं घेतला.

"ह्ये काय गं?"

कुरडयांवर हिरवट-करडी लव आली होती. दुसरी टोपली तशीच. तिसरी तशीच. वरच्या रॅकवरचीही. वास असा की एकीनं तोंडाला पदर लावला. बायकोनं एक कुरडई उचलली, मोडायला गेली. ती मोडलीच नाही, वाकली.

मग सगळ्याजणी माझ्या बायकोकडं बघायला लागल्या. वाळली असं सांगणारी तीच होती ना.

त्या दिवशी सकाळी, बायका यायच्या आधी, तिनं खिडकी लावून घेतली होती. त्यामुळं खिडकीकडं कुणाचं लक्ष जायचं कारणच नव्हतं. लक्ष होतं फक्त आम्हा दोघांचं. तिनं वर बघितलं, खिडकीकडं नाही, माझ्याकडं. तेवढ्यात मला काय झालं कोण जाणे. भीती वाटली. तिच्या माहेरच्या सात बायका समोर, आणि त्यांच्यापुढं आता ही म्हणणार, ह्यांनी केलं. जिन्यात काय काय घुमेल ते मला ऐकू यायला लागलं. ती बोलायच्या आधी मी बोललो.

मी म्हणालो, "यंदा हिचं उन्हाकडं ध्यानच नव्हतं. अर्ध्या कच्च्याच खाली आणल्यात."

वहिनी तिला म्हणाल्या, "तूच म्हणालीस ना, झालं, उचला म्हणून?"

"व्हय, मीच म्हणाले," ती म्हणाली. "अजून एक ऊन द्यायला पाहिजे होतं. माझंच चुकलं."

बस, एवढंच. सात बायकांचा उन्हाळा दुसऱ्या दिवशी कचऱ्याच्या गाडीत गेला. टोपल्या तिनं एकटीनं घासल्या.

संध्याकाळी जेवायला बसलो. मला वाटलं आता बरसणार. तिनं भाकरी वाढली, कालवण वाढलं. मला ते गप्प बसणं सोसेना. मीच म्हणालो, "मी काय चुकीचं बोललो?"

"न्हाई. तुम्ही जेवा."

थोड्या वेळानं पाण्याचा तांब्या माझ्याकडं सरकवत म्हणाली, "आता ती खिडकी खुशाल उघडी ठेवा. खाली काय उरलंच न्हाई."

मला तेव्हा आतून कळलं नव्हतं असं नाही. पण कळलेलं बाजूला ठेवून भाकरी खाता येते. मी खाल्ली. दोन खाल्ल्या.

पुढच्या उन्हाळ्यात ती दोन दिवस गच्चीवर गेली आणि तिसऱ्या दिवशी घरातच राहिली. मी विचारलं, तर म्हणाली, "गुडघे लई दुखतात. झेपत न्हाई आता." मी म्हणालो, बरं झालं, आराम कर. मला हायसंच वाटलं. ती वाळवणात नसली म्हणजे तो विषय निघायचा नाही. घरापुरत्या कुरडयासुद्धा तिनं केल्या नाहीत. सणाला पानात डाव्या बाजूला फक्त पापड असायचा, आणि तोही वहिनींकडून आलेला.

या माघात ती गेली. सकाळी चहा ठेवला, गॅसपाशी खाली बसली, ती उठलीच नाही. डॉक्टर म्हणाले हृदय. चहा उतू जाऊन गॅस विझला होता. मी अंघोळीला गेलो होतो.

तेराव्याला माणसं जेवत होती. पंगतीत वाढणाऱ्या दोघी बोलत होत्या, माझ्या पाठीमागंच. एक म्हणाली, "हात चांगला होता हो हिचा." दुसरी म्हणाली, "होता. शेवटी शेवटी गेला." पहिली म्हणाली, "वय झालं की जातो."

मी ताटावरून उठून सांगायला पाहिजे होतं. फोटोला हार घातलेला होता, सगळं माहेर बसलेलं होतं, याहून बरी जागा मिळाली नसती. मी आमटीत भात कालवत बसलो.

नंतर दुकान चालू ठेवलं, करणार काय दुसरं. या पावसाळ्यात कांद्याची पोती तळघरात ठेवायला लागलो, म्हणून ते मशीन पुसून परत लावलं. खिडकी उघडी, सवयीप्रमाणं. चार दिवसांत मशीन घरघर करायला लागलं. मुलीनं फोन करून दुरुस्तीवाला पाठवला. पन्नाशीचा माणूस, शर्टच्या खिशात टेस्टर, बोलणं नारायण पेठेतलं. त्यानं मशीनला हात लावायच्या आधी वर बघितलं.

"ही खिडकी कायम अशीच असते का?"

"असते. हवा खेळती पाहिजे."

"खेळतेय की. आणि तिच्यामागं धावून मशीन दमलंय."

"पण पाणी भरपूर काढतं हो. दिवसाला चार-चार टाक्या."

"काढणारच. उद्या मुठेच्या काठावर नेऊन लावलंत तर आठ काढेल." तो खाली बसून जाळी काढायला लागला. "काका, तुम्ही तळघर वाळवत नव्हतात. तुम्ही अख्खं वारजं वाळवायला घेतलं होतंत. बाहेरची दमट हवा आत येणार, मशीन तिचं पाणी काढणार, परत नवीन हवा आत येणार. खोलीतला ओलावा होता तिथंच. इथं काही ठेवलं होतं का आधी?"

"कुरडया होत्या."

"मग गेल्या असतील," तो म्हणाला आणि जाळीवरची धूळ ब्रशनं झटकायला लागला.

त्यानं सहज म्हटलं. त्याला काय माहीत. मी पोत्यावर बसलो.

तो गेल्यावर मी खिडकी लावली, फटीत चिंध्या कोंबल्या, दाराखाली गोणपाट सारलं. आणि बघत राहिलो. पहिल्या दिवशी तीन टाक्या भरल्या, त्या मीच वर आणून ओतल्या. अकरा पायऱ्या काय असतात ते गुडघ्यांना कळलं. दुसऱ्या दिवशी दोन. चौथ्या दिवशी अर्धी. सातव्या-आठव्या दिवशी टाकीच्या तळाला तांब्याभर पाणी. बाहेर पाऊस चालूच होता. भिंतीला हात लावला तर कोरडी.

तरी माझं मन ऐकेना. माणूस स्वतःला वाचवायला शेवटपर्यंत बघतो. मला वाटत होतं, असंही असेल की त्या वर्षी खरंच कच्च्या राहिल्या असतील. मग बसनं मंडईत गेलो आणि पाव किलो कुरडया आणल्या. आमच्या घरात विकतची कुरडई ही पहिलीच. त्या टोपलीत घातल्या, वर कापड टाकून रॅकवर ठेवल्या, दार लावलं. आठ दिवसांनी एक काढून तिच्यासारखी कानापाशी मोडली. कट्ट. मग उरलेल्यांतल्या अर्ध्या तिथंच ठेवून खिडकी उघडली. चौथ्या दिवशी त्या मऊ झाल्या, सहाव्या दिवशी वास यायला लागला.

आता पळायला वाट नव्हती. मी तिसऱ्या मजल्यावर गेलो.

वहिनी वाटाणे सोलत होत्या. मी उभ्या उभ्या सगळं सांगितलं. खिडकी, पाणी, ती लावायची आणि मी उघडायचो, त्या दिवशी मी आधी तोंड का उघडलं, सगळं. त्यांनी सोलणं थांबवलं नाही. माझं झाल्यावर म्हणाल्या, "दाजी, तुम्हाला हे कधी कळलं?"

"आता. म्हणजे नक्की आता. पण तसं मला तेव्हाच..."

"तेव्हाच," त्या म्हणाल्या. एक शेंग त्यांनी सालासकट वाटाण्यांत टाकली. मग म्हणाल्या, "तेव्हा सात जणींसमोर बोललात, आणि आता मला एकटीला येऊन सांगताय. हे बरंय तुमचं."

"मग काय करू?"

"बुधवारी सगळ्या येणार हाईत माझ्याकडं, गौरीच्या फराळाला. तेव्हा या. दारातून नका सांगू, आत येऊन बसून सांगा."

आमच्याकडं यंदा सण नव्हता. बुधवारी मी दाढी केली, शर्ट बदलला. जिना चढताना वरून हसण्याचा आवाज येत होता. बायका करंज्या करताना फार हसतात. मी दारात गेलो तसं हसणं थांबलं. खाली वर्तमानपत्रं पसरून सगळ्याजणी पोळपाट घेऊन बसल्या होत्या. एक म्हणाली, "काय दाजी, करंजी लाटायला आलात का?" दुसरी म्हणाली, "लाटू द्या की. कांदे भरतील सारणात." वहिनींनी एका पाटाकडं बोट दाखवलं. मी बसलो.

मला बोलायची रीत नाही. जसं आलं तसं बोललो. "त्या वर्षीच्या कुरडया कच्च्या नव्हत्या. कडकडीत वाळलेल्या होत्या. मी तळघराची खिडकी उघडी ठेवायचो. ही लावायची, मी परत उघडायचो. माल माझ्यामुळं नासला. हिला ते माहीत होतं. तुमच्यासमोर माझी लाज जाईल म्हणून हिनं स्वतःवर घेतलं. आणि मी घेऊ दिलं."

लाटणी थांबली होती. कढईत तेल तापत होतं, तेवढा आवाज.

मघाशी कांद्याचं बोललेली बाई म्हणाली, "आणि आम्ही तिला..." आणि थांबली. वहिनींकडं बघायला लागली.

मी म्हणालो, "तुम्ही काय?"

मग वहिनीच बोलल्या. माझ्याकडं बघून नाही, हातातल्या पारीकडं बघून.

"पुढच्या उन्हाळ्याला ती गच्चीवर आली व्हती ना. आम्ही आधीच ठरवलं व्हतं. पिठाला हात लावू दिला न्हाई तिला. मी म्हणाले, तू आता सावलीत बस, कावळे हाक. काठी दिली हातात. दोन दिवस बसली बिचारी पत्र्याखाली. पहिल्या दिवशी सांजच्याला उठून आली, एक कुरडई उचलली, कानाकडं नेली. तर ही म्हणाली," त्यांनी शेजारच्या तरण्या बाईकडं मान हलवली, "राहू द्या आत्या, आम्ही बघतो. तिनं ती कुरडई होती तिथं ठेवली. सरळ करून ठेवली. तिसऱ्या दिवशी आलीच न्हाई."

गुडघे दुखतात, असं ती मला म्हणाली होती.

ती तरणी बाई रडायला लागली. तिच्यावर एक म्हातारी चिडली, "आता रडून काय करतीस? सारण खारट होईल." मग ती म्हातारीही रडायला लागली. वहिनी रडल्या नाहीत. त्यांनी पारीत सारण भरलं, कड दुमडली, कातण फिरवलं आणि करंजी ताटात ठेवली. म्हणाल्या, "एकदा सांगायचं तरी व्हतं तिनं. मी काय खाल्लं असतं का तुम्हाला?"

मी म्हणालो, "मला नसतं खाल्लं. पण जिन्यात बोलला असता तुम्ही."

वहिनींनी पुढची पारी हातात घेतली आणि परत पोळपाटावर ठेवली. मग म्हणाल्या, "बोलले असते. खोटं कशाला बोलू."

मी हात जोडले. कुणापुढं जोडले ते मलाच नीट कळलं नाही. कुणी म्हणालं, "असू द्या आता." कुणी म्हणालं, "हात तिचाच चांगला व्हता, आम्हाला कुणाला न्हाई तसा आला." सगळ्या माना हलवायला लागल्या. हे ऐकायला मी तिथं गेलो होतो. ऐकलं. ज्या बाईनं ऐकायला पाहिजे होतं ती नव्हती, आणि मला ऐकून बरंही वाटलं नाही.

तेल जास्त तापलं म्हणून वहिनींनी गॅस बारीक केला. पहिली करंजी सोडली. हळूहळू लाटणी परत फिरायला लागली. मी उठून जायला पाहिजे होतं, खाली दुकान उघडं होतं. पण उठवेना. मी तिथंच पाटावर बसून राहिलो. कुणी बसा म्हणालं नाही, कुणी जा म्हणालं नाही.